बिनसाखरेच्या ॲपल पायची सहाशे वर्षं

१३८१ सालच्या एका इंग्रजी हस्तलिखितात सफरचंदाचा टार्ट कसा करावा याची दोन-तीन ओळींची कृती आहे. चांगली सफरचंदं, चांगले मसाले, अंजीर, मनुका आणि नासपती एवढंच साहित्य. सगळं नीट ठेचायचं, केशर घालून रंग आणायचा, कणकेच्या जाड पारीत भरायचं आणि भट्टीत ठेवायचं. कृती संपली. भट्टी किती तापवायची, किती वेळ ठेवायचं, किती माणसांना पुरेल, यातलं काही नाही. आणि साखरही नाही.

सॅम्युअल पेग या पाद्री असलेल्या अभ्यासकाने १७८० साली जुन्या इंग्रजी पाककृतींचं एक पुस्तक छापलं, त्यात ही कृती आहे. त्याच पुस्तकात राजा दुसरा रिचर्ड याच्या मुदपाकखान्यातल्या कृतीही आहेत आणि त्यांत साखर पुन्हापुन्हा येते, अगदी मांसाच्या रश्श्यातसुद्धा. म्हणजे साखर माहीत नव्हती म्हणून ती टार्टमध्ये नाही, असं म्हणता येत नाही. साखर तेव्हा मसाल्यांच्या पंगतीत बसायची. भूमध्य समुद्राकडून यायची, औषधवाल्याकडे तोलून मिळायची आणि दालचिनी-जायफळासारखी चिमटीने वापरली जायची. सफरचंदांच्या ढिगाला गोडी आणण्याइतकी साखर ओतणं श्रीमंतालाही उधळपट्टी वाटली असती. ते काम अंजीर आणि मनुकांकडे होतं. तीही जहाजाने यायची, पण साखरेपेक्षा स्वस्त पडायची. आणि ज्याला तीही परवडत नसत, त्याच्या घरचं सारण सफरचंद जेवढं गोड तेवढंच गोड.

आज बिनसाखरेचा पाय म्हटलं की पथ्याचा पदार्थ डोळ्यांसमोर येतो. कुणाला तरी मधुमेह आहे, म्हणून घरातल्या सगळ्यांनी थोडं सोसायचं. ही समजूत फार तर शंभर-सव्वाशे वर्षांची आहे. त्याआधी आणि नंतरही साखर पायमधून अनेकदा बाहेर गेली, आणि दर वेळी कारण वेगळं होतं. कधी भाव, कधी सदसद्विवेक, कधी युद्ध, कधी आजार. स्वयंपाकघरातला प्रश्न मात्र तोच राहिला: गोडी आणायची कुठून?

साखर पायमध्ये ठाण मांडून बसली ती सतराव्या-अठराव्या शतकात. १६४०च्या दशकात बार्बाडोसमध्ये उसाची लागवड वाढली, मग जमैका, मग बाकीची बेटं. आफ्रिकेतून धरून आणलेल्या गुलामांच्या श्रमांवर हे मळे उभे राहिले आणि साखर स्वस्त होत गेली. सिडनी मिंट्झ या मानववंशशास्त्रज्ञाने दिलेले आकडे बोलके आहेत. इंग्लंडमध्ये १७००च्या सुमाराला माणशी वर्षाला ४ पौंड साखर खपायची, १८०० साली १८ पौंड. शंभर वर्षांत साडेचार पट. चहा, मुरंबे, पुडिंग आणि पाय हे सगळे या साखरेचे खातेदार. १७९६ साली अमेरिकेत हार्टफर्ड इथे अमेलिया सिमन्स यांचं पाककृतींचं पुस्तक निघालं. त्यातल्या ॲपल पायमध्ये लिंबाची साल, दालचिनी, जायपत्री, गुलाबपाणी आहे आणि साखर चवीपुरती. ‘चवीपुरती’ लिहिण्याइतकी ती तोवर घरचीच झाली होती.

पण त्याच दशकात हजारो इंग्रज घरांनी साखर मुद्दाम बंद केली होती.

एप्रिल १७९१मध्ये गुलामांचा व्यापार बंद करण्याचा खासदार विल्यम विल्बरफोर्स यांचा ठराव ब्रिटिश संसदेने फेटाळला. त्यावर विल्यम फॉक्स यांनी एक पत्रक काढलं आणि थेट खरेदीदारालाच गाठलं. वेस्ट इंडीजची साखर आणि रम घेऊ नका, एवढंच त्यांचं म्हणणं. सोबत हिशेब मांडला होता. आठवड्याला ५ पौंड साखर आणि तिच्या बरोबरीने रम वापरणाऱ्या कुटुंबाने २१ महिने ती सोडली, तर एका माणसाची गुलामी किंवा हत्या टळते. पत्रकाच्या भराभर आवृत्त्या निघाल्या. थॉमस क्लार्कसन या चळवळीसाठी देशभर फिरत होते. त्यांच्या अंदाजाप्रमाणे सुमारे ३ लाख लोकांनी साखर सोडली. १७९२ साली जेम्स गिलरे या व्यंगचित्रकाराने राजा-राणी आपल्या मुलींना बिनसाखरेचा चहा पाजताहेत असं चित्र काढलं. मुलींचे चेहरे पाहण्यासारखे आहेत. राजवाड्यापर्यंत थट्टा पोचली, म्हणजे चळवळ घराघरांत शिरली होती.

ही चळवळ चालवली बायकांनी. संसदेत त्यांना मत नव्हतं, पण वाण्याकडून काय आणायचं हे त्या ठरवत होत्या. साखर घरातच आली नाही, की चहाबरोबर पुडिंगमधून आणि पायमधूनही ती जाते. १८२०च्या दशकात लेस्टरमध्ये एलिझाबेथ हेरिक यांनी हेच काम दारोदार जाऊन केलं. गुलामगिरी टप्प्याटप्प्याने नव्हे, ताबडतोब संपवा, असं सांगणारं त्यांचं पत्रक १८२४ सालचं. पुढाऱ्यांपैकी अनेकांना ते फार जहाल वाटलं होतं. ज्यांना साखरेवाचून राहवत नव्हतं त्यांच्यासाठी ईस्ट इंडियाची, मुख्यतः बंगालची साखर बाजारात आली. ही साखर गुलामांनी केलेली नाही, अशी अक्षरं लिहिलेली चिनी मातीची साखरदाणी टेबलावर दिसावी अशी ठेवली जाई. हिंदुस्थानातही गुलामगिरी होती आणि ती कायद्याने नाकारायला १८४३ साल उजाडावं लागलं, हे त्या साखरदाणीवर लिहिलेलं नव्हतं.

अटलांटिकपलीकडे क्वेकर पंथातल्या काही कुटुंबांनी हेच व्रत घेतलं. डॉक्टर बेंजामिन रश यांनी मेपलच्या झाडाची साखर हा उसाच्या साखरेवरचा उतारा म्हणून मांडला. पुढे राष्ट्राध्यक्ष झालेले थॉमस जेफर्सन यांना ती कल्पना एवढी पटली की त्यांनी १७९१ साली आपल्या माँटिचेलोच्या मळ्यावर मेपलची रोपं लावली. व्हर्जिनियाच्या हवेत बहुतेक जगली नाहीत. आणि ज्या मळ्यावर ती लावली तो स्वतःच गुलामांच्या श्रमावर चालत होता.

बिनसाखरेच्या पायचं खरं घर मात्र अमेरिकेच्या ईशान्येकडच्या खेड्यांत आहे. तिथे कुणी व्रत घेतलं नव्हतं. परसात सफरचंदांची झाडं होती आणि साखरेला रोकड लागत होती, एवढा साधा मामला. १७५०च्या दशकात डेलावेअर नदीकाठच्या वसाहतीत राहिलेले स्वीडिश पाद्री इझ्राएल आक्रेलियस यांनी तिथल्या खाण्यापिण्याचं वर्णन करून ठेवलंय. ॲपल पाय तिथे वर्षभर खाल्ला जायचा. ताजी सफरचंदं संपली की वाळवलेल्या फोडींचा. मुलांचं रात्रीचं जेवण तेच. खेड्यातल्या घरगुती पायसाठी सफरचंदं सोलतही नसत आणि गाभाही काढत नसत, आणि पारी अशी की गाडीचं चाक वरून गेलं तरी फुटायची नाही. पाद्रीबुवांना तो आवडला नसावा. पण रोजचं पोटभर जेवण म्हणून पाय कसा होता, हे यापेक्षा स्पष्ट कुणी सांगितलेलं नाही.

पेनसिल्व्हेनियात जर्मन बोलणारे शेतकरी स्थायिक झाले होते. त्यांच्याकडे वाळवलेल्या फोडींना ‘श्निट्स’ म्हणतात. हिवाळ्यात त्या पाण्यात भिजवून, मंद शिजवून, ठेचून पायमध्ये भरायच्या. वाळवताना पाणी उडतं आणि गोडी मागे राहते, त्यामुळे मुळात गोड जातीचं सफरचंद वाळवलं असेल तर वरून फारसं काही घालावं लागत नाही. मसाला घातला की झालं.

पण सर्वांत हुशार तोड होती ती आटवलेल्या सफरचंदाच्या रसाची. शरद ऋतूत फळं घाण्यात दाबून रस काढायचा आणि तो आंबायच्या आत आटवायला घ्यायचा. साधारण सात भाग रसाचा एक भाग उरेपर्यंत. साखरेचा कणही घालायचा नाही. आपल्याकडच्या गुऱ्हाळात काहिलीतल्या रसाची काकवी होते तसाच हा प्रकार, फक्त उसाच्या जागी सफरचंद. रस आधी उतू जाऊ पाहतो, वर फेस येतो, तो झाऱ्याने काढत राहावा लागतो. मग रंग मधासारखा, मग तांबूस, शेवटी गडद तपकिरी. तयार पाक चमच्यावरून संथ ओघळतो आणि जिभेवर आधी आंबट लागतो, मग गोड. रसातली आम्लंही साखरेइतकीच आटून दाट होतात, म्हणून हा पाक साखरेच्या पाकासारखा गोडमिट्ट लागत नाही. आणि याच कारणाने तो टिकतोही. तळघरात बरणी ठेवली की वर्षभर चिंता नाही.

या पाकात सफरचंदाच्या फोडी घालून तेच मिश्रण दिवसभर घोटलं की ॲपल बटर होतं. नावात बटर असलं तरी त्याचा लोण्याशी संबंध नाही. तांब्याची मोठी कढई अंगणात चुलीवर, लांब दांड्याचं लाकडी ढवळणं, आणि पाळीपाळीने ढवळणारे शेजारीपाजारी. दांडा लांब कारण रटरटणारं सारण अंगावर उडतं आणि जाळापासून दूर उभं राहावं लागतं. ढवळणं थांबलं की तळाशी लागलंच. शेकर पंथाच्या वसाहतींनी तर आटवलेला रस आणि वाळवलेली सफरचंदं मिळून केलेला ॲपल सॉस लाकडी पिंपांतून विकला, आणि त्यांच्या नावावर ओळखला जाणारा पाय याच आटवलेल्या रसाचा आहे. व्हर्मांट राज्यात वुड्स सायडर मिल १८८२ पासून हा पाक करते.

या पाकाचं मोल कळायला साखर पायमध्ये नेमकं काय करते ते पाहावं लागतं. गोडी हे तिचं एक काम झालं. फोडींना साखर चोळली की त्यांना पाणी सुटतं, फोडी नरम पडून बसतात आणि सारण पारीत नीट मावतं. सुटलेल्या रसात साखर, फळातलं आम्ल आणि पेक्टिन एकत्र आले की रस दाटतो. पारीत थोडी साखर असली तर ती खुसखुशीत होते आणि वरून भुरभुरवली तर रंग चढतो. साखर काढली की ही सगळी कामं एकदम पोरकी होतात. फोडी कोरड्या किंवा कचकचीत राहतात, नाहीतर रस पातळ वाहतो आणि खालची पारी ओली होते. रंगही फिका. आटवलेल्या रसात गोडी, आम्ल आणि दाटपणा तिन्ही फळातूनच आलेले असतात, म्हणून तो पाय उणा वाटत नाही. अंजीर-मनुकांचं ठेचलेलं सारणही याच कारणाने जमतं. विसाव्या शतकाने शोधलेल्या साखरेच्या पर्यायांपैकी एकालाही हे सगळं एकट्याने जमलेलं नाही.

युद्धांनी हा प्रश्न शहरांतल्या स्वयंपाकघरांत आणला. पहिल्या महायुद्धाआधी ब्रिटन आपली बरीचशी साखर जर्मनी आणि ऑस्ट्रियातल्या बीटपासून घेत होता. युद्ध पेटलं आणि ती वाट बंद झाली. फ्रान्सचा बीटचा पट्टा रणभूमीत सापडला. मग सगळ्यांची नजर क्युबाकडे वळली, आणि क्युबाची साखर आणायला लागणारी जहाजं सैन्यालाही हवी होती. अमेरिकेत हर्बर्ट हूवर यांच्या अन्न प्रशासनाने साखर वाचवणं म्हणजे जहाज वाचवणं, अशी भित्तिपत्रकं लावली. ऑगस्ट १९१८ मध्ये माणशी महिना २ पौंड साखर ठरवून दिली गेली. त्या वर्षी निघालेल्या पाककृतींच्या पुस्तकांत बिनसाखरेच्या गोड पदार्थांची स्वतंत्र प्रकरणं आहेत. त्यांत मध आहे, मेपल सिरप आहे, मक्याचं सिरप आहे, खजूर-मनुका आहेत. खेड्यातल्या आजीचं शिक्षण शहरातल्या सुनेला सरकारी पत्रकातून मिळू लागलं.

दुसऱ्या महायुद्धात ब्रिटनची परीक्षा अधिक लांबली. ८ जानेवारी १९४० पासून साखरेला रेशन लागलं. आधी माणशी आठवड्याला १२ औंस, मग ८ औंस, म्हणजे जेमतेम सव्वादोनशे ग्रॅम. ते उठलं सप्टेंबर १९५३ मध्ये, युद्ध संपल्यावर आठ वर्षांनी. लोणी आणि चरबीही रेशनवर, त्यामुळे सारण आणि पारी दोन्हीकडून पायची कोंडी झाली. अन्न मंत्रालयाने गाजराची गोडी लोकांच्या गळी उतरवायचा चंगच बांधला. गाजराचे टार्ट, गाजराचं पुडिंग, गाजराचा मुरंबा. रुबार्ब आणि गूजबेरीसारख्या आंबट फळांत बायका चिमूटभर खायचा सोडा घालत, म्हणजे आम्ल मरतं आणि साखर कमी पुरते. आणि सॅकरिनच्या गोळ्या. त्या शिजताना घालायच्या नाहीत, कारण उकळल्यावर कडवट लागतात. सारण शिजलं, चुलीवरून उतरलं, की मग विरघळवायच्या. भट्टीत भाजल्या जाणाऱ्या पायला ही अट किती जाचक पडत असेल हे सांगायला नको. फळ वेगळं शिजवायचं, पारी वेगळी भाजायची, मग एकत्र करायचं.

सॅकरिनचा जन्म या रेशनच्या ६० वर्षं आधीचा. १८७९ साली बाल्टिमोरच्या जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठात आयरा रेम्सन यांच्या प्रयोगशाळेत कॉन्स्टंटिन फाल्बर्ग हे कोळशाच्या डांबरातून निघणाऱ्या संयुगांवर काम करत होते. रात्री जेवायला बसले तर पाव गोड लागला. गोडी पावात नव्हती, न धुतलेल्या हातांवर होती. साखरेपेक्षा शेकडो पटींनी गोड असा पदार्थ सापडला होता. अमेरिकी सरकारातले रसायनतज्ज्ञ हार्वे वायली यांचा अन्नात तो घालायला सक्त विरोध होता. राष्ट्राध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट यांना मात्र त्यांचे डॉक्टर रोज सॅकरिन देत होते, त्यामुळे वायलींनी तोंडावर केलेली टीका त्यांना चांगलीच झोंबली. १९१२ साली अमेरिकेत अन्नपदार्थांतून त्यावर बंदी आली, आणि मधुमेह्यांसाठी ते राहिलं.

त्या मधुमेह्यांची अवस्था फार वाईट होती. इन्सुलिनच्या आधी न्यूयॉर्कच्या फ्रेडरिक ॲलन यांचा उपचार म्हणजे अक्षरशः उपासमार. भाजीतला उरलासुरला स्टार्चही निघावा म्हणून ती तीनदा उकळून दर वेळी पाणी फेकायचं. बॉस्टनच्या एलियट जॉस्लिन यांनी भाज्या आणि फळं त्यांतल्या कर्बोदकांच्या प्रमाणाप्रमाणे ५, १०, १५, २० टक्क्यांच्या गटांत मांडली. फळ खायचं तर तोलून. पायचा प्रश्नच नव्हता. जानेवारी १९२२ मध्ये टोरंटोत १४ वर्षांच्या लेनर्ड थॉम्प्सनला इन्सुलिन टोचलं गेलं आणि त्यानंतर हळूहळू मधुमेही माणूस कुटुंबाच्या टेबलावर परतला. १९५० साली अमेरिकेत जाहीर झालेल्या अदलाबदलीच्या याद्यांनी त्याचं ताट हिशेबात बसवलं. एक लहान सफरचंद म्हणजे फळाचा एक हिस्सा, १० ग्रॅम कर्बोदकं. पावाचा एक हिस्सा १५ ग्रॅमचा. आता पायचा तुकडाही मोजता येऊ लागला: इतका फळाचा, इतका पिठाचा, इतका लोण्याचा. माझ्या मते मधुमेह्यांच्या घरात पायला पुन्हा दार उघडलं ते या वहीतल्या हिशेबाने. गोळ्यांचा वाटा त्याहून लहान आहे.

गोळ्यांचं नशीब फिरतं राहिलं. १९३७ साली इलिनॉय विद्यापीठात मायकेल स्वेडा यांना सायक्लामेट सापडलं. ते उष्णतेत टिकायचं, म्हणून भाजलेल्या पदार्थांना सोयीचं. पण उंदरांवरच्या प्रयोगांनंतर १९६९ साली अमेरिकेने त्यावर बंदी घातली. १९७७ साली सॅकरिनवर बंदीचा प्रस्ताव आला. लोकांनी एवढा गिल्ला केला की काँग्रेसने बंदी थोपवली आणि डब्यांवर इशारा छापायला लावला. तो इशारा २००० साली हटला. १९६५ साली सापडलेलं ॲस्पार्टेम तापवलं की गोडी गमावतं.

ही अडचण बऱ्याच अंशी सोडवणाऱ्या शोधात एक मराठी आडनाव आहे. १९७६ साली लंडनच्या क्वीन एलिझाबेथ कॉलेजात लेस्ली हफ यांच्या हाताखाली शशिकांत फडणीस हे भारतीय संशोधक काम करत होते. टेट अँड लाइल या साखर कंपनीच्या सहकार्याने साखरेची क्लोरिनयुक्त संयुगं तयार केली जात होती. त्यातल्या एका पदार्थाची ‘टेस्ट’ करा, म्हणजे चाचणी घ्या, असं फडणीसांना सांगण्यात आलं. त्यांनी ‘टेस्ट’ म्हणजे चव असं ऐकलं आणि जिभेवर ठेवून पाहिलं, असं सांगतात. सुमारे ६०० पट गोड असा हा पदार्थ म्हणजे सुक्रालोज. कॅनडाने १९९१ साली आणि अमेरिकेने १९९८ साली त्याला परवानगी दिली. ते भट्टीत टिकतं, म्हणून आज बिनसाखरेच्या पायच्या अनेक कृतींत ते असतं. पण फोडींना पाणी सुटणं, रस दाटणं, पारीला रंग चढणं ही साखरेची बाकीची कामं त्याच्याकडून होत नाहीत. म्हणून कॉर्नफ्लॉर किंवा टॅपिओका घालावा लागतो, फोडी आधी थोड्या शिजवून घ्याव्या लागतात आणि पारीवर दुधाचा किंवा अंड्याचा हात फिरवावा लागतो.

आटवलेला रस आणि बाजारातलं ॲपल ज्यूस कॉन्सन्ट्रेट हे मधुमेह्याला चालेल का, हा प्रश्न वेगळा. जागतिक आरोग्य संघटनेच्या २०१५ सालच्या मार्गदर्शनात फळांचे रस आणि त्यांचे आटवलेले पाक यांतली साखर ही वरून घातलेल्या साखरेच्याच खात्यात धरली आहे; अख्ख्या फळातली साखर त्यात येत नाही. म्हणजे व्हर्मांटच्या पाकाला चवीत तोड नसली तरी ‘शुगर फ्री’ म्हणून तो बिनधास्त ओतण्यासारखा नाही. दोन-तीन चमचे पुरतात. बाकी गोडी फळाचीच हवी, म्हणून आंबट जातीऐवजी गाला किंवा फुजीसारखी गोड सफरचंदं घ्यावी लागतात. एका मध्यम सफरचंदात सुमारे १९ ग्रॅम साखर असते. सहा सफरचंदांच्या पायचे आठ तुकडे केले तर प्रत्येक तुकड्यात फळाची मिळून १४ ग्रॅमच्या आसपास येते. पारीचं पीठ त्याहून वेगळं धरायचं, आणि वरची पारी न घालता एकाच पारीचा पाय केला तर पिठाचा आकडा जवळजवळ निम्म्यावर येतो.